नवरा समुद्रात, घोंगडी खुंटीवर

५ जानेवारी ९२, रविवार. काटेवाडी

द. आज येऊन गेले. निमित्त वांग्यांचं. त्यांच्या सणसरला जशी काही वांगी मिळतच नाहीत! आईने मळ्यातली दोन किलो तोडून दिली आणि मुद्दाम गोठ्याकडे निघून गेली. साखरपुडा होऊन आठवडा झाला, तरी दोघांना बोलायला काही सुचेना. मी वांग्यांचे देठ मोजत बसले.

उद्या मुंबईला जाणार. तिथून जहाजावर, इंजिन फिटर म्हणून. समुद्रात लांब कुठेतरी एक पट्टा आहे, तिथे घड्याळं मागे पडतात म्हणे. का पडतात ते शोधायला साहेब लोक चाललेत. मी म्हटलं, मग घड्याळजी न्यायचा, फिटर कशाला. तर हसले. हसताना खालचे दात दिसतात, जरा वाकडे आहेत. वैशाखाच्या आत परत येणार, लग्न वैशाखात.

आईने बजावलंय नाव घ्यायचं नाही. म्हणून इथेही नुसतं द.

१९ जानेवारी ९२

जहाज सुटलं. सांगायला आबा, म्हणजे द.चे वडील, स्वतः एसटीने आले. तात्यांनी (माझे वडील) त्यांना बाजेवर बसवलं. आबा तरुणपणी मेंढरं घेऊन कोकणात उतरायचे, त्यामुळे घरात समुद्र पाहिलेले ते एकटेच. म्हणाले, चार महिने त्याच्या कडेनं मेंढरं चारली, पण एक घोट पाणी पाजता आलं न्हाय. तेव्हापासून त्यांचा समुद्रावर राग आहे. पोराने तिथेच नोकरी धरली याचाही.

मंगलने (माझी धाकटी, अति शहाणी) घरभर चिडवून नकोसं केलं. सगळी घड्याळं काढून माझ्यापुढे ठेवली. तात्यांचं मनगटीसुद्धा.

८ मार्च ९२

वायरलेस बंद आहे म्हणे. दर आठवड्याला प्रत्येकाला घरी दोन-तीन वाक्यं बोलता येतात, ते मुंबईत लिहून घेतात आणि कळवतात. तीन आठवडे काही नाही. तात्या म्हणतात, यंत्र बिघडलं असेल. फिटर आहेत की जहाजावर, दुरुस्त करतील. मीही तेच म्हणते. झोप मात्र नीट लागत नाही.

१७ मे ९२

आज लग्न होतं.

सकाळी भेंडी तोडली. दुपारी पण भेंडीच तोडली. हात खाजतायत.

२३ ऑगस्ट ९२

बातमी आली. जहाज बुडालेलं नाही. देव पावला. आईने लगेच साखर वाटली. मग आबांनी पुढचं सांगितलं. दुसरं एक जहाज शोधायला गेलं होतं, त्यांना लांबून दुर्बिणीतून दिसलं. जागेवर उभं. धुराड्यातून निघालेला धूर तसाच. हलत नाही, पसरत नाही. जवळ गेलेली एक होडी तीही तिथेच उभी राहिली. तेव्हापासून जवळ कुणी जात नाही.

म्हणजे काय, ते आबांना सांगता आलं नाही. साखर तोंडात तशीच.

१४ फेब्रुवारी ९३. मुंबईहून परत

जहाज पाठवणाऱ्या समुद्राच्या खात्याने सगळ्या घरच्यांना बोलावलं होतं. आबा, तात्या, मी. मी यायची गरज नाही असं सगळ्यांचं मत होतं. मी गेले.

एका साहेबांनी दोन फोटो दाखवले. लांबून काढलेले, मोठे केलेले, दाणेदार. पहिल्यात जहाजाच्या कठड्याशी द., हातात कप, हात वर. चहाचा चोथा पाण्यात टाकतायत. दुसरा फोटो त्यानंतर महिन्याने काढलेला. तोच कठडा, तोच सदरा, हात खाली आलाय, कप उपडा आहे. मधे चोथ्याचा काळा ठिपका, अजून पाण्यात पडायचाय.

साहेब चांगले होते. म्हणाले, आत वेळ फार मंद चालते. त्यांना काही कळत नाही, काही दुखत नाही. त्यांच्या लेखी अजून तेच चहाचे दोन क्षण आहेत. पट्टा मात्र विरत चाललाय. अजून दोन-तीन महिन्यांत सुटेल असं वाटतं.

आबांनी फोटोतल्या हाताला बोट लावलं आणि बराच वेळ तसंच ठेवलं. साहेबांनी फोटो परत मागितला नाही. पण तो न्यायचा नसतो असं दुसऱ्या एकाने सांगितलं.

येताना एसटीत तिघांनाही बरं वाटत होतं. दोन-तीन महिने म्हणजे काहीच नाही. वैशाखच.

७ मार्च ९३

मंगलला पाहून गेलेले लोक थांबायला तयार नाहीत. थोरली बसलेली असताना धाकटीचं लग्न कसं करायचं, हा तात्यांचा घोर. थोरली म्हणजे मी. मी काही बसलेली नाही. मी सकाळपासून उभीच असते. पण ते सांगून उपयोग काय.

आज सणसरहून आबा आणि आत्याबाई (द.ची आई) आले. आबांनी जुनी रीत काढली. पूर्वी आमच्या लोकांत नवरा मेंढरांमागे गेलेला असायचा, मुहूर्ताला पोचायचा नाही, मग त्याच्या घोंगडीशी लग्न लावायचे. नवरा आला की आपल्या हाताने ती घोंगडी खुंटीवरून काढून खांद्यावर टाकायचा, की झालं. आबांच्या आईचं तसंच झालेलं. तिचा नवरा महिन्याभरात आला होता.

तात्यांनी माझ्याकडे पाहिलं. मंगल चुलीमागून पाहत होती.

मी हो म्हटलं. वैशाखात ते येणारच आहेत. तेव्हा काय आणि आता काय.

९ मे ९३. सणसर

झालं लग्न. आंतरपाटाच्या पलीकडे द.चा चुलतभाऊ दोन्ही हातांवर घोंगडी घेऊन उभा. बिचाऱ्याचे हात भरून आले, मंगलाष्टकं लांबली. मी घोंगडीला हार घातला. नवी होती, खळीचा वास येत होता. हार घसरून पडला, आत्याबाईंनी पिन लावून दिली. लोक हसले. मीही हसले. खरंच हसू आलं.

घोंगडी माजघरात खुंटीवर. ते येईपर्यंत हलवायची नाही, झटकायची नाही.

मंगलचं पुढच्या महिन्यात ठरलं.

२१ नोव्हेंबर ९३

आबा मुंबईला जाऊन आले. एकटेच. येऊन ओसरीवर बसले, पाणीही मागितलं नाही.

साहेबांचा हिशेब चुकला. पट्टा विरतोय, पण इतका हळू की सगळा विरायला दहा-बारा वर्षं लागतील. कमी नाही, जास्त असेल. तेही साहेब लिहून देत नाहीत.

आत्याबाई म्हणाल्या, दहा-बारा म्हंजी किती? उत्तर त्यांना नकोच होतं.

माझ्या डोक्यात एकच. घोंगडीला हार घालून मी घरात आले आणि मग कळतंय. सहा महिने आधी कळलं असतं तर? तर मंगलचं काय झालं असतं? हे असं पुढे-मागे चालू आहे.

२ जून ९४

बऱ्याच दिवसांनी वही. लिहिण्यासारखं काही होत नाही, हेच लिहावं.

शिलाई मशीन घेतलं. गावातल्या बायका ब्लाऊज टाकतात. माप घेताना गप्पा. एक म्हणाली, सुनंदा, तुझं बरं, नवरा भांडत नाही, मारत नाही, पगार घरपोच येतो. पगार येतो, हे खरं. तो आबांच्या नावावर. मी तिचं ब्लाऊज एक बोट घट्ट शिवलं. आली बोंबलत. उसवून दिलं.

आबा चांगले आहेत. ऊस तोडणी सुरू झाली की मला घरातच ठेवतात, गुरांना घालायला उसाच्या वाढ्याचे भारे स्वतः आणतात. आत्याबाई वाईट नाहीत. पण माझ्याकडे बघताना त्यांना त्यांचा मुलगा नसलेला दिसतो. त्याला मी काय करणार.

११ जानेवारी ९५

आत्याबाईंच्या भावाची मुलगी राणी शाळेसाठी इथे राहायला आली. चौथीत आहे. नाक सतत वाहतं, पण हुशार. मला वहिनी म्हणते. तिला दोन वेण्या घालून देते. केस इतके दाट की माझे हात दुखतात. घरात कुणीतरी बडबडणारं आलं हे बरं झालं.

रात्री माझ्याजवळ झोपते. विचारलं, वहिनी, घोंगडी कधी बोलते का? म्हटलं, नाही गं, नवऱ्यासारखीच आहे.

३० जानेवारी ९६

आज माझा वाढदिवस. कुणाला आठवला नाही, मीही सांगितलं नाही. सव्वीस.

साखरपुड्याच्या वेळी द. सव्वीसचे होते. आजही सव्वीसच. आज आम्ही बरोबरीचे. उद्यापासून मी मोठी.

गंमत म्हणजे लिहिताना 'ते' लिहायचं की 'तो', असा प्रश्न पडला. आपल्याहून लहान मुलाला कुणी अहो-जाहो करतं का? आत्याबाईंनी हे वाचलं तर घराबाहेर काढतील. त्यांना वाचता येत नाही म्हणून लिहितेय. तो. तो. तो.

लिहून बरं वाटलं नाही.

१६ जून ९६

कॅसेट आली! मुंबईहून एका माणसाने आणून दिली. त्यांच्या यंत्रावर कित्येक महिने एक आवाज येत होता, इतका मंद की आधी त्यांना तो आवाज आहे हेच कळलं नाही. टेपवर घेऊन पळवला तर बोलणं निघालं. जहाजावरच्या माणसांची घरी बोलायची पाळी चालू आहे. चोथा टाकून द. सरळ वायरलेसच्या खोलीत गेला असणार. चहा पिऊन मग घरच्यांशी बोलायला.

शेजारच्यांचा टेप आणला. सगळे ओसरीवर. आबांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. खरखर, मग त्याचा आवाज, अगदी काल बोलल्यासारखा:

"आबा, मी ठीक हाय. वैशाखाच्या आत येतो. सुनंदाला इचारा, साडी कुठल्या रंगाची आणू."

एवढंच. पुन्हा लावली. पुन्हा लावली. आत्याबाई टेपला हात लावून बसल्या होत्या. राणी म्हणाली, दादा इतकंच बोलला? तिला गप्प केलं.

मी आत जाऊन मशीनवर बसले. शिवायला काही घेतलं नाही. त्याने माझं नाव घेतलं. साखरपुड्यानंतर पहिल्यांदा. त्याला वाटतंय मी काटेवाडीला वांग्यांचे देठ मोजत बसलेय आणि रंग ठरवतेय. कसला वैशाख रे. पाच वैशाख गेले.

खूप रडले. बऱ्याच दिवसांनी मोकळं रडले.

२७ ऑक्टोबर ९६

आज ऐकलं ते ऐकायला नको होतं. ऐकलं हेही बरं झालं.

आत्याबाईंचे भाऊ-भावजय आलेले. मी मागे भांडी घासत होते. आत्याबाई सांगत होत्या, साहेब म्हणतोय तसं धा-बारा वर्सात पोरगं येणार. येईल तवा सव्वीसचंच आसंल. सुनंदा तवा पस्तिशी ओलांडलेली. मंग त्याला कोण? राणी बरोबर वयात येती. मामाचीच पोरगी, हक्काची.

भावजय म्हणाली, आणि सुनंदा?

आत्याबाई म्हणाल्या, राहील की घरात. मी काय तिला काढतीय व्हय?

राणी बाहेर बिट्ट्या उडवत-झेलत खेळत होती. तिच्या वेण्या मीच घातलेल्या, लाल रिबिनींच्या.

मी भांडी घासून पालथी घातली. राग आला का? आला. पण आत्याबाईंचा हिशेब चुकीचा नाही, हेच जास्त लागतंय. मुलगी नवऱ्याहून मोठी चालत नाही. माझ्या आईनेही हेच म्हटलं असतं. मी स्वतः दुसऱ्या कुणाच्या घरात हेच म्हटलं असतं.

९ मार्च ९७

काटेवाडीला जाऊन आले. तात्यांना सगळं सांगितलं. म्हणाले, मीच घातलं तुला त्या घोंगडीच्या गळ्यात. त्यांनी एक स्थळ शोधून ठेवलंय, मला न विचारता, महिन्यापासून. इंदापूरच्या एका शाळेत क्लार्क. आमच्यातलाच. बायको वारली, मूल नाही, पस्तीस वय.

बारामतीत त्याला भेटले, तात्या बरोबर होते. गुऱ्हाळाच्या सावलीत रसाचे ग्लास घेऊन उभे राहिलो. माणूस बुटका, चष्मा जाड. त्याला सगळं ठाऊक होतं, जहाजाचंही, घोंगडीचंही. मी विचारलं, तरी कसे आलात? म्हणाला, "मी काही जहाजावर नाही. रोज साडेपाचला घरी असतो."

एसटीत बसल्यावर तेच वाक्य डोक्यात. रोज साडेपाचला. दारात चपला काढायचा आवाज. काय मागते मी जगावेगळं?

६ जुलै ९७

वकिलाने सांगितलं, कायद्याने हे लग्नच नाही, मुलगी मोकळी आहे. तात्या खूश. मी खूश. तीन दिवस.

मग आमच्यातले चार जाणते बसले. क्लार्कच्या घरच्यांनाही त्यांचा शब्द पाहिजे, त्याच्या दोन बहिणी याच लोकांत दिलेल्या. जाणत्यांनी निकाल दिला. कायदा कायद्याच्या जागी. घोंगडी ज्याची, त्यानेच सोडायची. नवरा मेला असता तर गोष्ट वेगळी. तो तर जिवंत आहे, कॅसेटवर बोललाय, साडीचा रंग विचारलाय. त्याच्या तोंडचा शब्द आणा, आम्ही उद्या घोंगडी उतरवतो.

कॅसेट मीच त्यांना ऐकवायला दिली होती. वाटलं होतं ऐकून त्यांना दया येईल.

आबा त्या बैठकीला होते. घरी येऊन जेवले नाहीत.

१ जानेवारी ९८

क्लार्कचं पत्र तात्यांकडे. दिवाळीपर्यंत थांबतो म्हणतो. इंदापूरला खोली बदलली, नळ आत आहे. नळ आत आहे हे लिहायची काय गरज होती? मुद्दाम लिहिलंय. चांगला माणूस आहे.

१८ जानेवारी ९८

मुंबईचा निरोप. आता इकडून तिकडे आवाज पाठवायची सोय झाली आहे. प्रत्येक घराला एकदाच, दोन शब्द. इथला आवाज ते ताणून ताणून सोडणार, महिनाभर सोडत राहणार, तेव्हा तिकडे ते दोन शब्द ऐकू जातील. आमचा नंबर पहिला. कारण द. अजून वायरलेसपाशी उभा आहे, रिसीव्हर हातात, उत्तराची वाट बघत. कानाला लावून. फार दिवस नाही उभा राहायचा, त्याच्या मागे पुढच्याचा नंबर आहे.

गेलं दीड वर्ष उभा आहे. म्हणजे त्याचं मिनिटसुद्धा नसेल झालं.

आत्याबाई म्हणाल्या, 'लवकर ये' सांगा. आबा म्हणाले, त्यानं रंग इचारलाय, सुनंदा जाईल. आणि माझ्याकडे बघितलं. मग मी गोठ्यात असताना मागे येऊन उभे राहिले. शेण काढायला लागले माझ्याबरोबर. म्हणाले, "दोन शब्दांत जे मागायचं ते माग, पोरी. घोंगडीला नवरा म्हनत न्हाईत. म्याच म्हनलो, माझं चुकलं."

आबा रडत होते. मी त्यांच्या हातातलं खोरं काढून घेतलं.

१ फेब्रुवारी ९८

काय बोलू?

'मला सोडा' म्हटलं तर त्याला काय कळणार? त्याच्या लेखी साखरपुडा होऊन थोडेच दिवस झालेत. वांगी घेऊन गेलाय. आत्ताच रंग विचारलाय, हसत असणार. आणि कानात माझा आवाज, मला सोडा. त्याला वाटेल, बाई फिरली. पाठ वळली तशी फिरली. कारण सांगायला तिसरा शब्द नाही.

नाहीतर रंग सांगावा आणि यावं घरी. राणीच्या वेण्या घालाव्यात. अजून सात-आठ वर्षं.

आणि समजा मागितलं. तो लगेच 'बरं' थोडाच म्हणणार? आधी 'का' म्हणेल. नुसतं 'का' म्हणायला त्याला कितीतरी दिवस लागतील, आणि त्याच्या आधी गप्प राहील ते वेगळंच. माणूस विचार करायला घटकाभर तरी घेतो. त्याची घटका म्हणजे माझा जन्म.

१५ फेब्रुवारी ९८. मुंबईहून परत

बोलले.

साहेब तेच, केस पिकलेत. मला ओळखलं नाही, आबांना ओळखलं. छोटी खोली, भिंतींना गोणपाट लावलेलं. माइकपुढे बसवलं. म्हणाले, शक्यतो छोटे शब्द घ्या बाई, प्रत्येक अक्षराला फार दिवस जातात. रंगच ना? लाल म्हणा, लवकर पोचेल. सगळेच हसले, मीही.

आबा खोलीतच कोपऱ्यात उभे होते. टोपी हातात.

लाल दिवा लागला. क्षणभर खरंच वाटलं की तो समोर आहे, कानाला लावून, खालचे वाकडे दात दिसतायत. अंजिरी म्हणावंसं वाटलं. बावीसची असताना मला अंजिरीच हवी होती, त्याला सांगायची राहून गेलेली. तोंडावर आलं होतं.

मी म्हटलं, "मोकळं करा."

साहेबांनी मान वर करून बघितलं. विचारलं, हेच पाठवायचं? एकदा सुरू झालं की थांबवता येणार नाही. मी आबांकडे पाहिलं नाही. हो म्हटलं. त्यांनी टेप लावून ऐकवला. माझा आवाज इतका करडा आहे हे मला माहीत नव्हतं. 'करा' तर अगदी हुकूम दिल्यासारखं. पुन्हा बोलू का विचारलं, तर म्हणाले आता चालू झालं.

एसटीत आबा खिडकीकडे बसले. भिगवण आल्यावर पिशवीतून शेंगा काढून माझ्या ओंजळीत दिल्या.

घरी आलो तर आत्याबाई उंबऱ्यातच. रंग सांगितला का? कोणता सांगितला?

आबा चप्पल काढत राहिले. मी म्हटलं, अंजिरी.

आत्याबाईंचा चेहरा उजळला. किती वर्षांत असा पाहिला नव्हता. मागे वळून राणीकडे बघत म्हणाल्या, "अंजिरी व्हय? पोरीला खुलून दिसंल."

मी हात-पाय धुऊन भाकऱ्या टाकायला बसले.

८ मार्च ९८

क्लार्कला तात्यांमार्फत कळवलं, निरोप गेलाय. दिवाळीपर्यंत उत्तर येईल का, ते मला माहीत नाही. येणार नाही असं वाटतं. आलं तरी 'का' एवढंच येईल, आणि त्याचं उत्तर द्यायला आमच्या घराला पुन्हा नंबर नाही. हेही सगळं कळवलं. लपवून काय करायचं.

राणी सहामाहीत पहिली आली होती, आता वार्षिकचा अभ्यास करतेय. मोठमोठ्याने. तिला विचारलं, मोठी होऊन कोण होणार? म्हणाली, अजून ठरवलं नाही. म्हटलं, ठरव गं बाई. लवकर ठरव. माझ्याकडे बघतच राहिली.

माजघर सारवलं. खुंटीखाली सारवताना घोंगडीचा कोपरा डोक्याला लागला. तशीच ठेवली.

आज सकाळपासून एकच डोक्यात आहे. ते शब्द अजून पोचायचे आहेत. 'मो' पोचला असेल, फार तर 'क'. एवढ्यावरून त्याला काही कळणार नाही. तो अजून कानाला लावून उभा आहे, आणि त्याला वाटतंय, मी रंग सांगतेय.